पाटलांच्या पाठीवरचा शेंदूर

सानपाडा,
१२ नोव्हेंबर १९९५

श्री. पंढरीशेट व्याहीबोवा यांस हौसेरावाचा सा. न. वि. वि.

तुमच्या विहिरीतले पाटील काल आमच्या घरी सुखरूप पोचले. कांद्याच्या ओल्या पोत्यात गुंडाळून रिक्षातनं आणले. रिक्षावाल्यानं पोत्यात काय वळवळतंय म्हणून विचारलं, तर आमचा इंद्रजित म्हणाला, सासरवाडीचे पाहुणे आहेत, खड्डे चुकवून चालव. कासवाला पाटील म्हणणारं घर मी सगळ्या करावे गावात एकच पाहिलं, पण आता आमच्याही तोंडी तेच बसलंय.

गॅलरीत निळा प्लास्टिकचा पिंप अर्धा कापून त्यात पाणी भरलंय. पाटील त्यात बसून आहेत. आपली उन्नती त्यांना दूधभात घालते. तिची तब्येत चांगली आहे. सातवा लागल्यामुळं डॉक्टरीणबाईंनी बसचा प्रवास बंद केलाय, म्हणून बापाला भेटायला येता येत नाही, याची चुटपुट तिला आहे. माझ्या गुडघ्यांनी तर केव्हाच संप केलाय. चाळीस वर्षं बाजारात पोती वाहिली, त्याचा हिशेब आता ते चुकता करतायत. त्यामुळं सध्या कागदावरच भेट.

घराचं काम संपेपर्यंत पाटलांची काळजी माझी. जुनं घर पाडून तुमचा तेजस तीन मजले चढवतोय, विहीर तशीच ठेवून बाजूनं बांधणार असं तुमच्यासमोर बोललाय. लकव्यानं गेलेला तुमचा उजवा हात-पाय चालू लागला की तुम्ही आणि पाटील एकाच दिवशी गृहप्रवेश करा. तोवर मेहुण्यांच्या, वामनरावांच्या घरी करंज्याची ताजी मासळी खा आणि लवकर उठा.

अक्षरं मी पोत्यांवरचे शिक्के बघून शिकलेला माणूस, काना-मात्रा चुकली तर विहीणबाईंनी सुधारून वाचावी. माया आहे ती वाढवावी.

आपला,
हौसेराव


करंजा,
२१ नोव्हेंबर १९९५

ती. व्याहीबोवा यांना भागीरथीचा नमस्कार.

तुमचा कागद मिळाला. मी चौथी शिकलेली, बोलते तसा लिवते, हसू नका. ह्यांना दोनदा वाचून दाखवला. रिक्षावाल्याचा ऐकून तोंडाच्या डाव्या बाजूनं हसले. बोलनं अजून जड हाय, पन माझ्या ध्यानात येतं. ह्यांची तब्येत बरी हाय, जेवतान बरा, झोपतान बरा. तुमी कालजी करू नका.

एकच हट हाय. उजव्या कुशीवरच पडून रहातान, तोंड दाराकडं. दारातनं धक्क्याचा रस्ता दिसतो. करावेवरनं कोन न्यायला आला तर पयला आपल्याला दिसला पायजे, असा बोलतान. दुसऱ्या कुशीवर वळवायला गेलं की डोळे वटारतान. माजा भाऊ वामन आनि मी, दोघं हरलो.

पाटलांना आमच्या लग्नाच्या वर्सी ह्यांनी मिठागराच्या नाळीतनं उचलून आनलेला. तेवा हाताच्या पंजाएवढा होता. विहिरीत कासव असला का पानी साफ रहाते, म्हनून सोडला. ह्यांनी विहिरीच्या आत एक दगड बसवला, पान्याच्या वर येनारा, त्याला आमी पाटलांची पायरी बोलतो. दुपारी ऊन विहिरीत उतरलं का पाटील त्या पायरीवर येऊन बसायचे, पाय तानून. मी विहिरीच्या काठाला हळद-कुंकू वहायची, तेवा वरनं दिसायचे. आता इकडं माजा हात मोकळा हाय. तुमी घाटावरची मानसं देवाची, माझ्या जागी तुमीच दोन बोटं हळद वहा.

हे रोज पयला सवाल तोच करतान, पाटील कसा हाय. म्हनून दर पंधरा दिसांनी कागद टाका. उन्नतीला सांगा, कैऱ्या खायला घाई नको, अजून झाडाला मोहर नाय.

गरिबाची आठवन ठेवा.

भागीरथी


सानपाडा,
४ डिसेंबर १९९५

श्री. पंढरीशेट आणि सौ. विहीणबाई यांस हौसेरावाचा नमस्कार वि. वि.

विहीणबाई, तुमची आज्ञा शिरावर. दोन बोटं हळदीवर भागवतोय तो घाटी कसला! शनिवारी बाजारातल्या मारुतीला गेलो होतो. तिथला उरलेला शेंदूर पुजाऱ्याकडनं मागून आणला, तेलात कालवला आणि पाटलांच्या पाठीवर चांगला लेप चढवला. आमच्याकडं साताऱ्याला प्रत्येक महादेवापुढं दगडी कासव असतं, त्याला शिवल्याशिवाय आत कुणी जात नाही. इथं तर जिवंत कासव दारात आलंय. आता दर शनिवारी एक हात देतो. शेजारच्या बायका दर्शनाला येतात. त्यातल्या एकीनं नारळसुद्धा फोडला, खोबरं मी खाल्लं.

पाटील इतके माणसाळलेत की विचारू नका. दिवसभर पाण्यातच बसून असतात, बाहेर यायचं नाव काढत नाहीत. आधी हात लावला की मान आत ओढायचे, आता पाठीवरनं हात फिरवला तरी मान बाहेरच. दूधभात थोडा कमी झालाय, थंडीमुळं असेल.

करावेला काम जोरात आहे म्हणतात. मी जाऊन आलो की कळवतो.

आमच्यावरचा जीव कमी होऊ देऊ नका.

हौसेराव


सानपाडा,
१८ डिसेंबर १९९५

(हा कागद फक्त विहीणबाईंसाठी. मोठ्यानं वाचू नये.)

सौ. भागीरथीबाई यांस हौसेरावाचा नमस्कार.

मागच्या पत्रात पाटील माणसाळलेत असं लिहिलं, ते मला तसंच वाटलं होतं. पण आठ दिवसांपूर्वी पिंपातनं वास यायला लागला. पाणी बदललं तरी वास तसाच. मग उन्नतीनं पाटलांना उचललं, तर शेंदराच्या लेपाला एका जागी भेग पडलेली, आणि तिथनं पांढरं काहीतरी दिसत होतं. मी अंगठ्यानं दाबून पाहिलं. विहीणबाई, कवच दबलं. जून नारळाच्या करवंटीसारखं कवच होतं ते, आणि भिजलेल्या पुठ्ठ्यासारखं दबलं.

इंद्रजित आणि मी त्यांना घेऊन नेरूळला गुरांच्या डॉक्टरांकडं गेलो. डॉक्टर पोरसवदा आहेत, कुत्र्यामांजरांचं बघतात. त्यांनी आधीच सांगितलं की कासव मी कधी तपासलेलं नाही. पण माणूस मनाचा चांगला, पुस्तक काढून बसले. कासवाचं कवच म्हणजे खोका नव्हे, ते हाडच आहे, पाठीचा कणा त्यालाच आतनं जोडलेला असतो, त्यात रक्त खेळतं, असं म्हणाले. वरनं लेप दिला की त्याला ऊन लागत नाही, खालची ओल कोंडते, आणि ते कुजायला लागतं. शेंदरात शिसं असतं ते वेगळंच. मान आत ओढत नाही म्हणजे माणसाळलंय असं नव्हे, अंगात ताकद उरली नाही असं समजा, म्हणाले. ज्याला मी देव केलं, त्याला माझ्याच हातानं सडवलं.

लेप हळूहळू कोमट पाण्यानं आणि मऊ फडक्यानं काढायला सांगितलंय, सुरी लावायची नाही. जखमेला लावायचं तपकिरी औषध दिलंय. जगेल का विचारलं, तर खांदे उडवले.

आणखी एक. नळाच्या पाण्याला औषधाचा वास येतो, म्हणून तुमच्या विहिरीचं पाणी आणावं असं मनात आलं. गुडघे सांभाळत करावेला गेलो. विहीर नाही. राडारोडा टाकून बुजवलीय, वर खांब उभा आहे. तेजस म्हणाला, जिन्याला जागा पुरेना, नकाशा बदलावा लागला, बाबांना मी सांगेन सवडीनं. त्याचा चेहरा बघून मला त्याचा राग धड करता येईना.

पंढरीशेटना यातलं काय सांगायचं आणि काय नाही, तुम्हीच ठरवा. मी अपराधी आहे. तरीही नातं तोडू नका.

हौसेराव


करंजा,
२७ डिसेंबर १९९५

ती. व्याहीबोवा यांना भागीरथीचा नमस्कार.

तुमी लपवत होते, आनि ह्यांना आधीच कळलेला होता. चार तारखेचा कागद वाचताना, मान आत घेत नाय, पान्यातनं बाहेर येत नाय, असा मी वाचला. ह्यांनी डोळे मिटले. बोलले, पाटील आजारी हाय, व्याह्याला कळत नाय. तेवापासनं दोन दीस नीट जेवले नायत. मी तुमाला कळवनार होते, तवर तुमचा बंद कागद आला.

शेंदराचा मात्र ह्यांना ठावं नव्हता, कारन ती ओळ मी गाळली. हे देवाधर्माच्या गोष्टीला हसतान, म्हनून मी त्या ओळी सोडूनच वाचते. ती ओळ तेवाच वाचली असती तर ह्यांनी तेवाच थांबवला असता. हळद वहा असा सांगनारी पन मीच. म्हंजे अपराध अर्धा माजा हाय, सगळा तुमी घेऊ नका. काल ह्यांना पाटलांचा सगळा सांगितला. आधी तुमाला एक शिवी दिली, ती मी लिवत नाय. मग मला दिली. मग एकेक शब्द जुळवत सांगत गेले, मी लिवून घेतला.

पाटलांना दिसभर कोरडा ठेवायचा. पान्यात सकाळी घटकाभर, खान्यापिन्यापुरता, मग बाहेर. पानी नळाचा असला तर दोन दीस उघडा ठेवून मग घालायचा, आनि रोज बदलायचा. ऊन खरा पायजे, काचेतनं येनारा नको. पन अर्ध्या जागेला सावली ठेवायची, त्याला नको वाटला का त्याला सरकता यायला पायजे. दूधभात बंद. तो काय बामनाचा पोर हाय, असा बोलले. मांदेली काट्यासकट द्यायची, गोगलगाय मिळाली तर टरफलासकट. आनि माकुळ मासळीच्या पाठीतला पांढरा हाड, तुमच्या तिकडं गांध्याकडं, म्हंजे झाडपाल्याच्या दुकानात, समुद्रफेस बोलून मिळतो, त्याचा तुकडा जवळ ठेवायचा. कवच हाडाचा, हाडाला हाडच लागतो. तेल, तूप, रंग, काय लावायचा नाय. सुटलेला पापुद्रा ओढायचा नाय, तो आपसूक पडतो.

आता माजा खोटा. मी तुमाला लिवला, ह्यांची तब्येत बरी हाय. बरी नाय. एका कुशीवर पडून पडून उजव्या कमरेला जखम झालीय, बोट जाईल एवढी खोल. वामननं नर्सबाईला आनली. ती बोलली, ह्यांना दुसऱ्या बाजूवर वळवा, जागा कोरडी ठेवा, हवा लागू द्या. मी तुमचा कागद आनि तिचा बोलना एकाच दिशी ऐकला, आनि चुलीम्होरं बसून रडले. पन हे वळायला तयार नायत. दार सोडत नायत.

म्हनून विहिरीचा काय लिवू नका. दुसरा सगळा मी वाचीन, तेवढा माझ्यानं वाचवनार नाय. त्या विहिरीपायी तर हे दाराकडं तोंड करून पडलेत.

रागावलो नाय, जवळचेच हाव.

भागीरथी


सानपाडा,
२० जानेवारी १९९६

श्री. पंढरीशेट व्याहीबोवा यांस आपल्या गुन्हेगार हौसेरावाचा सा. न. वि. वि.

शिवी पोचली. विहीणबाईंनी लिहिली नाही, तरी कुठली असेल ते मी ओळखलं. ती मला पुरेशी नाही, आणखी एक दिलीत तरी चालेल.

तुमचा हुकूम तंतोतंत चालू आहे. सकाळी आठला मी पाटलांना घेऊन गच्चीवर जातो. पिंपाच्या जागी फळांचा लाकडी खोका, अर्ध्यावर पोत्याची सावली. गुडघ्यांमुळं चार मजले चढायला मला अर्धा तास लागतो, पाटील माझ्यापेक्षा लवकर चढतील असं इंद्रजित म्हणतो. सोसायटीच्या सेक्रेटरीनं गच्चीवर जनावर चालणार नाही म्हणून तक्रार केली. त्याची बायको पूर्वी दर्शनाला यायची, तिनंच त्याला गप्प केलं.

पहिले आठ-दहा दिवस वाईट गेले. पाटील मान टाकून पडायचे. खाणं नाही. एकदा तर मी नाकापुढं दोरा धरून पाहिला, हलतोय का. शेंदूर निघता निघेना, बारीक खाचांत बसलेला. रोज थोडा थोडा काढला. खाली तीन जागी कवच गेलेलं दिसलं, खळगे पडलेत. डॉक्टर आपणहून दोनदा येऊन गेले.

पाच तारखेला वास गेला. नऊ तारखेला त्यांनी एक मांदेली तोंडात धरली, काट्याचा कडकड आवाज ऐकून उन्नतीनं मला स्वयंपाकघरातनं हाक मारली. आणि संक्रांतीच्या सकाळी मी औषध लावायला हात नेला, तर पाटलांनी फुस्स करून मान आत ओढली. व्याहीबोवा, माझ्याशी कुणी इतक्या रागानं वागलं आणि मला इतकं बरं वाटलं, असं आजवर झालेलं नाही.

खळगे भरून येणार नाहीत, डाग जन्माचे राहणार, असं डॉक्टर म्हणाले. पण अंगठ्यानं दाबलं तर आता दबत नाही. माझ्या शब्दावर तुम्ही विश्वास ठेवावा असं तोंड मला उरलं नाही. म्हणून या पाकिटात एक वस्तू घातलीय. काल खोक्यात आपसूक पडलेली सापडली, मी ओढलेली नाही. सोबत चार दाणे तिळगूळ.

चुकलेल्यालाही आपलं म्हणावं.

हौसेराव


करंजा,
३० जानेवारी १९९६

ती. व्याहीबोवा यांना भागीरथीचा नमस्कार.

पाकीट उघडला तर तिळगुळाला चिकटून पाटलांच्या पाठीचा पापुद्रा. कांद्याच्या सालीसारखा पातळ. मी ह्यांच्या डाव्या हातात ठेवला. ह्यांनी अंगठा फिरवला. कड चाचपून पायली, फाटलेली नाय, गोल हाय. मग दाराच्या उजेडात धरला. आरपार दिसला. एका कोपऱ्यात तुमच्या शेंदराचा ठिपका हाय, बाकी साफ. बोलले, खालचा नवा कवच आलाय, घट हाय, व्याही या बारीला खरा बोलतो. तिळगूळ खाल्ला. लय दिसांनी गोड मागून खाल्ला.

मी म्हनला आता सगळा नीट झाला. तर हे माझ्याकडं बघत बोलले, मग पाटलांना विहिरीत कदी सोडनार? मी भांडी घासायला उठले. परत बोलवला. पुन्यांदा तोच सवाल. तेजस दोन महिन्यात आला नाय, त्याआदी आला तेवा विहिरीचा नाव काढला नाय, तुझा तोंड बघितला का मला कळतो, असा बोलले. मग बोलले, तू सांगू नको, तुला जमनार नाय. व्याह्याला लिव. तो एकदा सापडलाय, आता तो खोटा बोलनार नाय.

म्हनून लिवते. मी नको बोललेली, ते आता लिवा. जखम तशीच हाय, जास्तीच हाय. नर्सबाई बोलली, ताप आला तर इस्पितळात न्यावा लागंल. माजा धीर संपलाय. पन तुमी लिवलेला मी वाचीन, एकबी ओळ गाळनार नाय.

सांभाळून घ्या.

भागीरथी


सानपाडा,
७ फेब्रुवारी १९९६

श्री. पंढरीशेट व्याहीबोवा यांस हौसेरावाचा नमस्कार.

विहीर बुजवली. डिसेंबरच्या सुरुवातीलाच. आत तुमच्याच जुन्या घराच्या विटा आणि माती घातली, वर जिन्याचा खांब आहे. मी उभं राहून पाहिलंय. पायरीचा दगडही खालीच गेला असेल, मी विचारलं तेव्हा उशीर झाला होता.

तेजसनं हे मुद्दाम केलं असं मला वाटत नाही. जागा पुरली नाही, आणि सांगायची छाती झाली नाही. परवा मी त्याला गच्चीवर बोलावून पाटलांची पाठ दाखवली. लपवलं की आत काय होतं, ते बघ म्हणालो. पोरगा बराच वेळ खळग्यांवरनं बोट फिरवत बसला. रविवारी तो करंज्याला येतोय. त्याला बोला, पण बोलून झाल्यावर जेवायला वाढा.

दुसऱ्या मजल्यावर तुमच्यासाठी खोली आहे, पूर्वेचं ऊन येतं. विहीर नाही, एवढंच खरं. पाटलांना कुठं ठेवायचं ते तुम्ही सांगाल तसं. गावच्या तळ्यात सोडा म्हणालात तर सोडीन, ठेव म्हणालात तर ठेवीन.

यापेक्षा गोड लिहिता आलं असतं. पण तुम्ही खरं मागितलंत. नातं जड वाटलं तरी खाली ठेवू नका.

हौसेराव


करंजा,
१६ फेब्रुवारी १९९६

ती. व्याहीबोवा यांना भागीरथीचा नमस्कार.

तुमचा कागद शुक्रवारी मिळाला. आधी मनात वाचला, मग पानी प्याले, मग मोठ्यानं वाचला. गाळला काय नाय.

हे दुपारी जेवले नायत, रातच्याला पेज दिली ती ओठावरनं खाली आली. पापुद्रा उशीखाली होता, तो काढून मुठीत धरून पडलेले. आनि डोळे दाराकडंच. मला वाटला, आता हा मानूस उठत नाय, आनि व्याह्याला लिवायला सांगून मीच घात केला.

शनिवारी पाटे चूल पेटवत होते, तर खाटेचा आवाज. गेले तर हे डाव्या हातानं खाटेची कड धरून सोताला ओढत होते. मला बोलले, वळव. मी बोलले, कुटं? तर बोलले, तिकडं, खिडकीकडं. दारात आता कोन यायचा हाय. पाठीला ऊन लागू दे.

वामनला हाक मारली, दोघांनी मिळून वळवला. इतक्या महिन्यांत पयल्यांदा. खिडकीतनं ऊन थेट जखमेवर पडला. नर्सबाईनं धुवून कोरडी केली. ती बोलली, भरेल, पन डाग रहानार. हे बोलले, आमच्या पाटलांना बी रहानार हाय.

रविवारी तेजस येऊन गेला. काय बोलले ते बापलेकाला ठावं, मी अंगनात मासे साफ करत होते. जेवला मात्र पोटभर.

पाटलांचा ह्यांनी असा सांगितलाय. तळ्यात सोडू नका, तिकडं जाळी लावतान. तुमच्याकडंच राहू दे. पन गच्चीवर एक दगड बसवा, रुंद, त्याला चढता येईल असा. आनि व्याह्याला सांग, शेंदूर मारुतीलाच लाव, त्याची पाठ दगडाची हाय.

उन्नतीचा बाळंतपन जवळ आला, मला येनं होनार नाय, तिच्या डोक्यावरनं माझ्या नावानं हात फिरवा. माया होती तेवढीच राहू दे, जास्त मागत नाय.

भागीरथी